काळा-पांढरा-लाल म्हणजे आजच्या जर्मनीचा झेंडा नव्हे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत फुटबॉलच्या पानावर तुम्ही मोठ्या टीम्सचे झेंडे ओळीने छापलेत, पान दिसतंय छान, पण जर्मनीच्या नावाखाली जो झेंडा टाकलाय तो काळा, पांढरा, लाल असा आहे. आता कोणी म्हणेल काका, प्रिंटिंगमध्ये पिवळा उडाला असेल, एवढं काय घेऊन बसलात. पिवळा उडाला असता तर काळा, लाल, पांढरा असं दिसलं असतं ना? इथे पांढरा मधे आहे आणि लाल खाली, म्हणजे कोणीतरी नेटवरून घाईत भलताच झेंडा उचललाय, आणि तो नुसता भलता नाहीये, नेमका नको तोच आहे.

हा झेंडा कैसरच्या, म्हणजे सम्राटाच्या काळातल्या जर्मनीचा, १८७१ ते १९१८ वाला. आज जर्मनीत तो कोण घेऊन फिरतं हे माहीत असतं तर खेळाच्या पानावर तो आला नसता. २९ ऑगस्ट २०२० ला बर्लिनमध्ये कोरोनाच्या निर्बंधांविरुद्ध मोर्चा होता, त्यातले काहीशे लोक बॅरिकेड ओलांडून राइशस्टागच्या, म्हणजे त्यांच्या संसदेच्या इमारतीच्या पायऱ्यांवर चढले, दारात मोजून तीन पोलीस, आणि पायऱ्यांवर नाचवले गेले ते हेच काळे-पांढरे-लाल झेंडे. फोटो जगभर गेले. लोक पायऱ्यांवर चढले याचा तिथे जेवढा संताप झाला तेवढाच हातात काय होतं याचा झाला. कारण असं आहे की स्वस्तिकवाला नाझी झेंडा तिथे रस्त्यावर काढला तर तीन वर्षांपर्यंत जेल होऊ शकते, मग ज्यांना मनातून तो काढायचाय पण जेल नकोय त्यातले बरेच जण हा काढतात. कैसरच्या साध्या तिरंगी झेंड्यावर सरसकट बंदी नाही, पण त्याच जातकुळीचा जो युद्धाचा झेंडा आहे, पांढऱ्यावर काळा क्रॉस आणि मधे गरुड, तो सार्वजनिक जागी दाखवायला २०२० पासून काही राज्यांनी मनाई केली, ब्रेमेन त्यात पुढे होतं.

आणि तो युद्धाचा झेंडा आपल्याकडे कुठे दिसतो माहितीये? बुलेटच्या टाकीवर. आमच्या स्टेशनबाहेर स्टिकर लावून देणारा एक मुलगा बसतो, त्याच्याकडे वाघ, कवटी, महाराजांची राजमुद्रा आणि त्यांच्याच शेजारी हा. विचारलं हे काय आहे रे, तर म्हणे जर्मन डिझाइन आहे अंकल, खूप चालतं. त्याला काय बोलणार, त्याचं पोट आहे. पेपरला मात्र बोलणार.

मी आयुष्यभर मर्चंट नेव्हीत होतो, त्यामुळे झेंडा हा माझ्यासाठी भावनेचा कमी आणि कामाचा विषय जास्त. परक्या बंदरात शिरताना उजव्या बाजूला त्या देशाचा झेंडा चढवावा लागतो, तो फाटका, उलटा किंवा चुकीचा असला की जहाज बंदरात नेऊन लावणारा पायलट बोटीवरून वर यायच्या आधीच तोंड वाकडं करतो आणि काही देशांत तर सरळ दंड लावतात. म्हणून प्रत्येक देशाचा झेंडा कुठून आला हे वाचायची मला खोड लागली, आणि त्यात जर्मनीइतका भांडखोर इतिहास मला दुसऱ्या कुठल्या झेंड्याचा दिसला नाही. तिथे जुना झेंडा जाऊन नवा आला असं सरळ काही नाहीये, दोन झेंडे शंभर-दीडशे वर्षं एकमेकांच्या उरावर बसतायत, एक लोकांनी खालून वर आणलेला आणि एक राज्य करणाऱ्यांनी वरून दिलेला.

काळा-लाल-सोनेरी हा खालून आलेला. १८१३ साली नेपोलियनशी लढायला ल्युत्झोची स्वयंसेवकांची तुकडी उभी राहिली, वेगवेगळ्या संस्थानांतून आलेली पोरं, त्यात विद्यार्थी बरेच, प्रत्येकाच्या अंगावर घरचे वेगवेगळे कपडे, आता सगळ्यांना एकसारखं दिसायचं तर उपाय एकच, आहेत तेच कपडे काळे रंगवा. त्यावर लाल काठ आणि पितळेची बटणं. बस्स, एवढंच. पुढे लोकांनी त्याला जुन्या साम्राज्याच्या सोनेरी पार्श्वभूमीवरच्या काळ्या गरुडाशी वगैरे जोडलं पण मला तो रंगाऱ्याच्या हंड्याचा किस्साच जास्त पटतो. लढाईतून परत आलेल्या या पोरांनी १८१५ ला येना गावात विद्यार्थी संघटना काढली, तेच रंग घेतले, १८१७ ला वार्टबुर्गच्या किल्ल्यावर जमले, आणि राजेलोकांना घाम फुटला. १८१९ ला संघटनांवर बंदी. १८३२ च्या मे महिन्यात हामबाखच्या पडक्या गढीवर वीस-तीस हजार माणसं चढून गेली, पेपरवर सेन्सॉर नको, सगळे जर्मन एक करा म्हणत, हातात हेच रंग, तर जुलैमध्ये असले रंग मिरवण्यावरच बंदी आली. टोपीला फीत लावली तरी गुन्हा. मग १८४८ ला क्रांती झाली तेव्हा ज्या रंगांवर बंदी होती तेच रंग प्रशिया या बर्लिनवाल्या संस्थानाचा राजा फ्रेडरिक विल्यम चौथा दंडाला बांधून २१ मार्चला घोड्यावरून बर्लिनभर फिरला! वर्षभराने फ्रांकफुर्टच्या पार्लमेंटने सगळ्या जर्मनीचा राजमुकुट देऊ केला तर नको म्हणाला. दंडावरची पट्टी तोवर गेलीच होती. राजकारणी सगळीकडे सारखेच.

काळा-पांढरा-लाल हा दुसरा, आणि गंमत म्हणजे तो आला समुद्रावरून. १८६७ ला प्रशियाच्या पंतप्रधानाने, बिस्मार्कने, उत्तर जर्मन राज्यसंघ बनवला तेव्हा घटनेत झेंड्याचं कलम टाकलं ते आरमाराच्या आणि व्यापारी जहाजांच्या संदर्भात. प्रशियाचे काळा-पांढरा, हॅम्बुर्गसारख्या व्यापारी बंदरांचे पांढरा-लाल, दोन्ही जोडले की झाला झेंडा. क्रांतीचा सोनेरी रंग बिस्मार्कला अर्थातच नको होता. १८७१ ला साम्राज्य झालं, जहाजांवर हाच चालू राहिला आणि जमिनीवरचा अधिकृत राष्ट्रध्वज म्हणून त्याला मान्यता मिळायला १८९२ उजाडलं. म्हणजे वीसेक वर्षं देश होता, झेंडा फक्त जहाजांना. आम्हा जहाजींना असल्या गोष्टीचं बरं वाटतं.

पहिलं महायुद्ध हरल्यावर कैसर पळाला आणि १९१९ च्या वायमार घटनेत, म्हणजे नव्या प्रजासत्ताकाच्या घटनेत, काळा-लाल-सोनेरी परत आला. पण पुरता नाही. व्यापारी जहाजांसाठी तडजोड केली की झेंडा काळा-पांढरा-लालच ठेवा आणि वर कोपऱ्यात छोटासा नवा झेंडा टाका, कारण काय तर म्हणे समुद्रावर लांबून पांढरा रंग नीट दिसतो. दिसतो हे खरंय, पण खरं कारण ते नव्हतं हे सगळ्यांना माहीत होतं. उजव्या विचाराचे लोक नव्या झेंड्याला काळा-लाल-मोहरी म्हणून हिणवायचे, सोनेरी कसला, सॉसेजवर लावतात ती मोहरीची चटणी आहे ती, अशी टवाळी. आणि हे शब्द मेले नाहीत बरं का, असं बोलल्याबद्दल अगदी अलीकडे एकावर खटला झाला आणि २००८ मध्ये तिथल्या घटना न्यायालयाने शिक्षा रद्द केली, राष्ट्राच्या चिन्हावर टीका करायचं स्वातंत्र्यही घटनेतच आहे म्हणून. मला हा निकाल आवडला. १९२६ ला तर चॅन्सेलर, म्हणजे तिथले पंतप्रधान, हान्स लुथर यांनी युरोपाबाहेरच्या वकिलातींवर आणि युरोपातल्या बंदरांच्या गावी जहाजांवाला झेंडाही लावा असं फर्मान काढलं आणि आठवडाभरात त्यांचं सरकार पडलं. झेंड्यावरून सरकार पडलेलं! आपल्याकडे कांद्यावरून पडतं.

नाझींनी यात काय केलं ते नीट बघण्यासारखं आहे. १९३३ च्या मार्चमध्ये सत्तेत आल्या आल्या काळा-लाल-सोनेरी काढून टाकला आणि दोन झेंडे बरोबरीने लावायचा हुकूम निघाला, कैसरचा काळा-पांढरा-लाल आणि पक्षाचा स्वस्तिकवाला. पक्षाच्या झेंड्यातही रंग तेच तीन आहेत, लाल कापड, पांढरा गोल, काळं चिन्ह, ते रंग ठरवून घेतलेले. मग घडला ब्रेमेन जहाजाचा किस्सा. २६ जुलै १९३५, न्यूयॉर्क. त्या काळी मोठं प्रवासी जहाज सुटायच्या आधी निरोप द्यायला आलेल्या लोकांना वर येऊ द्यायचे, त्या गर्दीत चांगले कपडे करून काही कामगार कार्यकर्ते मिसळले, त्यात दर्यावर्दीही होते. जहाजाच्या पुढच्या टोकाला जी काठी असते तिच्यावर स्वस्तिकाचा झेंडा होता. खलाशांशी मारामारी करत ते तिथपर्यंत पोचले आणि झेंडा उतरवून हडसन नदीत फेकला. बर्लिनने कडक निषेध केला तर अमेरिकेचं म्हणणं असं की पाण्यात गेला तो पक्षाचा झेंडा, तुमचा दुसरा राष्ट्रध्वज आहे त्याला कोणी हात लावलेला नाही. वर आणि सप्टेंबरमध्ये न्यूयॉर्कच्या एका मॅजिस्ट्रेटने पकडलेल्यांपैकी पाच जणांना सोडून दिलं आणि सोडताना त्या झेंड्याची तुलना चाच्यांच्या काळ्या झेंड्याशी केली. हिटलरने त्यावर उत्तर काय काढलं? १५ सप्टेंबर १९३५ ला न्यूरेंबर्गला कायदा पास, आता स्वस्तिक हाच एकमेव राष्ट्रध्वज, कैसरचा झेंडा बाद. त्याच बैठकीत ज्यूंविरुद्धचे कुप्रसिद्ध कायदे झाले आणि त्यातल्या एका कलमात ज्यूंनी राष्ट्रध्वज लावायचा नाही असंही लिहिलंय. शाळेच्या इतिहासात हे कायदे शिकवतात, पण त्याच दिवशी झेंड्याचाही कायदा झाला आणि त्यामागे एक जहाज होतं हे कोणी सांगत नाही.

१९४५ नंतर काही वर्षं जर्मनीला झेंडाच नव्हता. पण जहाजांना झेंडा लागतोच, बिनझेंड्याचं जहाज म्हणजे समुद्रावर बेवारस, तर दोस्त राष्ट्रांनी त्यांना सिग्नलच्या झेंड्यांतला सी अक्षराचा झेंडा, निळा-पांढरा-लाल-पांढरा-निळा, टोकाला त्रिकोणी कापून दिला, की लावा हा. ज्यांच्या झेंड्याने युरोप हादरला होता त्यांच्या जहाजांवर कोशातलं एक अक्षर. १९४९ च्या मे महिन्यात बॉनला पश्चिम जर्मनीची नवी घटना आली आणि तिच्या २२ व्या कलमात काळा-लाल-सोनेरी परत. त्या चर्चेत आणखी एक डिझाइन आलं होतं, लाल कापडावर सोनेरी काठाचा काळा क्रॉस, ते योझेफ विर्मर यांनी काढलेलं, हे हिटलरविरुद्धच्या १९४४ च्या कटातले, पकडून त्यांना फाशी दिली. तो झेंडा तेव्हा स्वीकारला गेला नाही. आणि आता २०१४ पासून ड्रेस्डेनला परदेशी लोकांविरुद्ध जे मोर्चे निघाले त्यात हाच झेंडा फडकायला लागला, विर्मर यांच्या कुटुंबाने निषेध केला, पण ऐकतंय कोण.

पूर्व जर्मनीचाही झेंडा आधी अगदी हाच होता, १९५९ च्या ऑक्टोबरमध्ये त्यांनी मधे हातोडा, कंपास आणि कणसांचा गोल टाकला. पश्चिमेकडे तो लावला तर कित्येक वर्षं पोलीस काढून न्यायचे. ऑलिंपिकला मात्र दोघांना एकत्र जायचं होतं तेव्हा १९६० आणि १९६४ ला काळ्या-लाल-सोनेरीवर पांढऱ्या पाच रिंगा काढून भागवलं. पूर्व जर्मनीच्या रोस्टॉक बंदराची ती हातोडा-कंपासवाली जहाजं आपल्या इंदिरा डॉकमध्ये मी पाहिलीयेत. १९८९ ला भिंत पडायच्या दिवसांत लोकांनी झेंड्यातला तो मधला गोल कात्रीने कापून काढला आणि भोकाचे झेंडे घेऊन रस्त्यावर आले, ते फोटो तुमच्याही कपाटात असतील. आमच्या जहाजावर तेच जरा सभ्यपणे झालं. १९९० चा ऑक्टोबर, आम्ही हॅम्बुर्गच्या वाटेवर, मी थर्ड मेट म्हणजे झेंड्यांचं कपाट माझ्याकडे, पश्चिम जर्मनीचा होता तो बिस्केच्या उपसागरातल्या वाऱ्याने चिंध्या झालेला आणि पूर्वेचा होता तो देशच उरला नव्हता. आमचा सारंग, म्हणजे खलाशांचा मुकादम, रत्नागिरीकडचा, दाढीचं ब्लेड घेऊन हॅचवर बसला आणि गोलाची शिवण एकेक टाका करत उसवली. चित्र वेगळ्या कापडाचं वरून शिवलेलं होतं त्यामुळे खालचे पट्टे शाबूत निघाले, फक्त गोलाखालचं कापड उन्हापासून वाचलेलं म्हणून तेवढा भाग गडद आणि बाकी विटका. पायलटने वर आल्यावर झेंड्याकडे पाहिलं, मग सारंगाकडे पाहिलं, आणि हसला.

३ ऑक्टोबर १९९० च्या मध्यरात्री राइशस्टागसमोर जो साठ चौरस मीटरचा झेंडा चढवला त्याच्या जागी आजही तेवढाच रात्रंदिवस असतो. पण एरवी जर्मन माणूस झेंड्यापासून दोन हात लांबच. आपल्यासारखं घरोघरी लावणं, गाडीवर लावणं हे त्यांच्याकडे नव्हतंच, ते सुरू झालं २००६ च्या वर्ल्ड कपला, गाड्यांच्या खिडक्यांना झेंडे, गालावर रंग, आणि पेपरांत चर्चा की हे असं वागणं बरं दिसतं का. २०१३ ला निवडणूक जिंकल्यावर स्टेजवर एका नेत्याने हातात छोटा झेंडा घेतला तर तेव्हाच्या चॅन्सेलर मर्केलबाईंनी तो काढून घेऊन बाजूला दिला, व्हिडिओ अजून फिरतो. त्यांचे विरोधक तो देशद्रोहाचा पुरावा म्हणून दाखवतात, मला त्यात प्रचाराच्या जागी राष्ट्रध्वज नको एवढंच दिसतं, ज्याची त्याची नजर. आणि त्याच २००६ मध्ये, वर्ल्ड कप संपून महिना-दीड महिना झाला असेल, आपल्या खारघरला हिटलरच्या नावाचं रेस्टॉरंट उघडलं होतं, बोर्डावर स्वस्तिक. बोंबाबोंब झाल्यावर नाव बदललं. तिकडे ते साधा झेंडा लावायलाही बिचकतायत आणि इकडे आम्ही स्वस्तिकाखाली पिझ्झा विकतोय.

आता स्वस्तिकाचं. आमच्या उंबऱ्यावर रोज रांगोळीत स्वस्तिक असतं आणि ते तसंच राहणार, त्यात लाजण्यासारखं काही नाही. २००७ ला जर्मनीने युरोपभर या चिन्हावर बंदीचा विषय काढला तेव्हा ब्रिटनमधल्या हिंदूंनी विरोध केला तो योग्यच होता. पण आपलं स्वस्तिक पवित्र आहे म्हणून त्यांचा झेंडाही आपल्या ओळखीचा, असं जे व्हॉट्सॲपवर फिरतं ते साफ चूक. त्या झेंड्याखाली काय झालं ते ज्यांच्या घरात झालं त्यांनाच ठरवू द्या, आपण आपला उंबरठा सांभाळावा.

मुंबईकरांना या सगळ्याशी काय देणंघेणं असंही कोणी विचारेल. मंत्रालयावरून जाणारा रस्ता मादाम कामा रोड आहे ना? भिकाईजी कामा मुंबईच्या, इथेच जन्मल्या, इथेच गेल्या. २२ ऑगस्ट १९०७ ला त्यांनी हिंदुस्थानचा झेंडा परदेशात फडकवला तो जर्मनीतच, स्टुटगार्टला, आंतरराष्ट्रीय समाजवादी परिषदेत. त्या वेळी जर्मनीवर झेंडा कुठला? तुम्ही छापलाय तोच. आणि परिषदेचे यजमान कोण, तर ते जर्मन सोशल डेमोक्रॅट ज्यांच्या संघटना बिस्मार्कने १८७८ पासून बारा वर्षं बंदीखाली ठेवल्या होत्या, ज्यांनी कैसरचा झेंडा कधी आपला मानला नाही, आणि १९१९ ला काळा-लाल-सोनेरी परत आणण्यात जे पुढे होते. ज्यांनी कामाबाईंना व्यासपीठ दिलं ते या झेंड्याचे नव्हते, म्हणून मुंबईतल्या मराठी पेपरात तो जर्मनीच्या नावाने आलेला मला जरा जास्तच खटकला.

तेव्हा येत्या रविवारी त्याच पानावर, आत कुठे कोपऱ्यात नको, दुरुस्ती छापावी. वर काळा, मधे लाल, खाली सोनेरी, पट्टे आडवे (उभे केलेत आणि पिवळा मधे आला की बेल्जियम होतं, तेही एकदा बघून घ्या), उंची तीन तर लांबी पाच. पत्र लांबलंय याची कल्पना आहे, कापायचं असेल तर १८४८ चं कापा, पण ब्रेमेन जहाजाचं आणि आमच्या सारंगाचं तेवढं ठेवा.

आपला,
एक निवृत्त जहाजी
मुलुंड (पूर्व), मुंबई